पोरीचं चौरसाचं गणित – माझं उत्तर साडेबारा, ऑप्शनमध्ये साडेबारा नाहीच

पंचगंगा_काठचा (धागाकर्ता):
मंडळी नमस्कार. आमची पोरगी आठवीत आहे, यंदा स्कॉलरशिपला बसवलीय. काल रात्री दुकान बंद करून आलो, हातपाय धुतले, ताटावर बसणार तेवढ्यात ही वही घेऊन हजर, पप्पा एवढं बघा की. गणित असं –

एका चौरसाची प्रत्येक बाजू ३ सेमीने वाढवली तर त्याचे क्षेत्रफळ ७५ चौसेमीने वाढते. तर मूळ चौरसाची बाजू किती? (१) ९ (२) ११ (३) १२ (४) १४

मी म्हटलं हॅ, हे काय गणित झालं. एका हातात भाकरी, दुसऱ्या हातात पेन. चौरस काढला, उजवीकडं ३ ची पट्टी लावली, वर ३ ची पट्टी लावली. दोन पट्ट्या मिळून ७५, म्हणजे एक पट्टी साडेसदतीस, भागिले ३, साडेबारा. संपलं. तर पोरगी म्हणते पप्पा साडेबारा ऑप्शनमध्येच नाही. मी म्हटलं छापणाऱ्यानं घोळ घातला असणार, जवळचं बघून १२ वर टिक कर आणि झोप जा. आज क्लासवरून आली ती तोंड फुगवूनच, उत्तर ११ आहे म्हणे. तिथं फळ्यावर सूत्र लिहिलं, आकडे घातले, पुढचं गणित. का ते कुणीच सांगितलं नाही.

तर मला सूत्र नकोय हो, सूत्र गाईडात पण आहे. माझं चुकलं कुठं तेवढं सांगा, कारण चित्र तर मी बरोबर काढलंय असं मला अजून वाटतंय. घरातली इज्जत पणाला आहे.

गंगावेशची_ताई:
दादा चित्र बरोबरच हाय तुमचं, अर्धं काढून थांबलायसा एवढंच. मी शिवणकाम करतो, माझ्याकडं रोजचंच हाय हे. समजा एक चौकोनी रुमाल घेतला, त्याच्या उजव्या अंगाला ३ बोटांची पट्टी जोडली, रुमालाएवढीच लांब. वरच्या अंगाला तसलीच दुसरी जोडली, ती पण रुमालाएवढीच. आता रुमाल उचलून बघा. वरचा उजवा कोपरा उघडाच राहिला न्हवं? तिथं ३ बाय ३ चं ठिगळ लावल्याशिवाय रुमाल चौकोनी होतच न्हाई.

म्हणजे ७५ मध्ये दोन पट्ट्या आणि एक ठिगळ. ठिगळ ९ चं. ७५ मधनं ९ गेले ६६ राहिले, दोन पट्ट्या म्हणून एक ३३ ची, ३ नं रुंद म्हणजे ११ लांब. झालं. ताळा करून बघा, अकरा अकरं एकशे एकवीस, चौदा चौदं एकशे शहाण्णव, फरक ७५.

पंचगंगा_काठचा:
ताई!!! ठिगळ!!! एवढ्यासाठी मी रात्रभर तळमळलो. पोरीला दाखवलं, ती म्हणाली "हां, मग असं सांगायचं की". आणि तो १४ चा ऑप्शन का दिलाय ते पण आत्ता कळलं, ज्यानं नवीन बाजू काढली आणि मूळ विचारलीय हे विसरला त्याच्यासाठी सापळा आहे तो.

पेठेतला_पाहुणा:
विषय सोडून एक प्रश्न, गंगावेशची ताई, तुम्ही "मी करतो" लिहिलंय, आयडी भावाचा आहे का?

गंगावेशची_ताई:
कोल्हापुरात बायका मी जातो मी करतोच म्हणतात ओ. पुण्याचं दिसताय. चहा घेऊन जावा.

खाकीचं_स्वप्न:
भावांनो मी भरतीचा अभ्यास करालोय, रोज असली पन्नास गणितं सोडवतोय. एवढं रुमाल बिमाल करत बसायला वेळ कुणाला आहे. ट्रिक सांगतो, तोंडी होतंय. ७५ भागिले ३ किती, २५. त्यातनं ३ वजा, २२. निम्मे ११. पाच सेकंद. कुठलंही गणित द्या, वाढलेलं क्षेत्रफळ भागिले वाढलेली बाजू, त्यातनं वाढलेली बाजू वजा, निम्मे. विषय हार्ड.

पंचगंगा_काठचा:
आयला हे पण बरोबर येतंय. पण का येतंय?

खाकीचं_स्वप्न:
का ते पेपरात विचारत नाहीत दादा 😄

फळा_आणि_खडू:
खाकीसाहेबांची ट्रिक खोटी नाही, पण ती ताईंच्या रुमालातूनच निघालेली आहे हे त्यांना कुणी सांगितलेलं दिसत नाही. मी ३१ वर्षं गणित शिकवून निवृत्त झालोय, रंकाळ्यावर फिरून आलो की दुसरं काही काम नसतं, तर थोडं सविस्तर लिहितो.

ताईंनी जे जोडलं – दोन पट्ट्या आणि ठिगळ – ते सगळं उसवून काढा आणि एका रांगेत ठेवा. पहिली पट्टी, तिच्या पुढं ठिगळ, त्याच्या पुढं दुसरी पट्टी. तिन्ही तुकडे ३ रुंदीचेच आहेत, त्यामुळं एकच लांब सरळ पट्टी तयार होते, ३ रुंद आणि ७५ क्षेत्रफळाची. मग तिची लांबी किती? २५. ही २५ म्हणजे बाजू + ३ + बाजू. त्यातले ३ काढा, २२, आणि दोन सारख्या बाजू म्हणून निम्मे. ट्रिकची प्रत्येक पायरी कागदावर दिसते.

आणखी एक बघा. बाजू + ३ + बाजू याचा अर्थ जुनी बाजू अधिक नवी बाजू. म्हणजे जुनी-नवीची बेरीज २५ आणि वजाबाकी ३. आपण वर्गांच्या फरकाचं सूत्र पाठ करून घेतो पोरांकडून, बेरीज गुणिले वजाबाकी, ते हेच. मी स्वतः पहिली पाच-सहा वर्षं ते नुसतं फळ्यावर लिहून पुढं जात होतो, त्यामुळं त्या क्लासवाल्यांना नावं ठेवायचा मला फारसा अधिकार नाही.

ताळेबंद:
सर तुमचं म्हणणं पटतंय पण स्कॉलरशिपच्या पहिल्या पेपरला दीड तासात ७५ प्रश्न असतात, त्यातले ५० गणिताचे. प्रश्नामागं सव्वा मिनिट पण येत नाही. तिथं पट्ट्या उसवत बसलं तर निम्मा पेपर राहील.

फळा_आणि_खडू:
पेपरात ट्रिकच वापरायची. घरी एकदा उसवून बघायचं. कारण प्रश्न जरासा फिरवला की ट्रिक तोंडावर पाडते. उदाहरणार्थ हे घ्या – एका चौरसाकृती बागेच्या बाहेरून सर्व बाजूंनी २ मीटर रुंदीचा रस्ता आहे, रस्त्याचे क्षेत्रफळ १७६ चौमी, तर बागेची बाजू? खाकीसाहेब, चालवा ट्रिक.

खाकीचं_स्वप्न:
१७६/२ = ८८, वजा २ = ८६, निम्मे ४३.

खाकीचं_स्वप्न:
थांबा थांबा. रस्ता दोन्हीकडनं आहे. बाजू २ नं नाही ४ नं वाढतीय. १७६/४ = ४४, वजा ४ = ४०, निम्मे २०. वीस. मघाचं बघू नका.

गंगावेशची_ताई:
चारी बाजूंनी काठ लावायचा असला की आम्ही कसं करतो सांगू का. प्रत्येक पट्टी एका कोपऱ्याला रुमालापेक्षा काठाच्या रुंदीएवढी जास्त ठेवायची, दुसऱ्या कोपऱ्याला रुमालाबरोबर. चारी पट्ट्या अशा गोल फिरवत लावल्या की चार कोपरे आपोआप भरतात, वेगळी ठिगळं लागतच न्हाईत आणि चारी पट्ट्या एका मापाच्या. मग १७६ चे चार वाटे केले, ४४. दोन रुंद म्हणजे २२ लांब. त्यात कोपऱ्याचे २ जास्तीचे, वीस राहिले.

फळा_आणि_खडू:
ताई, ही मांडणी मला ३१ वर्षांत सुचली नाही. खरंच सांगतो.

केकवाली_शाहूपुरी:
मी पण यात घुसते कारण माझं याच गणितात रोख नुकसान झालंय. नवीन नवीन ऑर्डर घ्यायला लागले तेव्हा माझ्याकडं ८ इंची चौकोनी टिन होता, सगळी मापं त्याचीच बसलेली. एकांना मोठा केक हवा होता म्हणून १० इंची टिन आणला आणि डोक्यात हेच की दोनच इंच तर वाढलेत, थोडं मिश्रण जास्त घालू, पावपट वाढवलं. केक असा चपटा आला की सासूबाई म्हणाल्या ही दशमी आहे का. नंतर वहीत मांडून बघितलं, ८ चा वर्ग ६४ आणि १० चा १००. म्हणजे दीडपटीपेक्षा जास्त मिश्रण लागणार होतं तेवढीच जाडी यायला. वरनं क्रीम लावून लावून कसाबसा दिला आणि पैसे कमी घेतले.

फळा_आणि_खडू:
बाजू शेकडा २५ वाढली, क्षेत्रफळ शेकडा ५६.२५. पुन्हा तीच दोन पट्ट्या आणि ठिगळ. २५ आणि २५ पट्ट्यांचे, आणि ६.२५ कोपऱ्याचे. शेकडेवारीची सगळी गणितं या एका चित्रात बसतात. बाजू १०% वाढली तर क्षेत्रफळ २१%, २०% वाढली तर ४४%. पोरं २० आणि ४० लिहून येतात, कोपरा विसरून. धागाकर्त्यांनी साडेबारा काढलं ती चूक आणि ही चूक एकच.

पंचगंगा_काठचा:
सर मग कमी झाली तर? गाईडात लिहिलंय बाजू १०% कमी केली तर क्षेत्रफळ १९% कमी होतं. वाढताना कोपरा जास्तीचा येतो हे कळलं, मग कमी होताना पण तो जास्तीचा जायला पाहिजे, २१ का नाही? पोरीनंच विचारलंय, मी नाही (म्हणजे मला पण माहीत नाही).

गंगावेशची_ताई:
१० घरं बाय १० घरं असा चौकटीचा कपडा घ्या. शंभर घरं. उजवीकडची एक रांग कापली, किती घरं गेली, दहा. आता वरची रांग कापायला घेतली तर तिच्यात दहा घरं हायतच कुठं, कोपऱ्याचं घर पहिल्याच कात्रीत गेलं. राहिली नऊ. दहा आणि नऊ एकोणीस. एक घर दोनदा कसं कापणार?

पंचगंगा_काठचा:
पोरगी हसून लोळालीय. "एक घर दोनदा कसं कापणार" हे तिनं वहीच्या पुठ्ठ्यावर लिहून ठेवलंय.

गुंठामंत्री:
एवढं सगळं रुमाल केक झालं आणि जमिनीवर कोणच बोलंना म्हणून येतोय. सातबाऱ्यावर हेक्टर आर असतंय पण आपल्याकडं तोंडात गुंठाच. गुंठा म्हणजे १०८९ चौरस फूट हे शेंबडं पोरगं पण सांगतंय, पण १०८९ हाच आकडा का म्हणून विचारा, दहातले नऊ गप बसतात. ३३ गुणिले ३३ हाय ते. तेहतीस फुटाचा चौरस म्हणजे गुंठा. असले ४० गुंठे म्हणजे एकर, ४३५६० फूट. आणि गुंठ्याचे आणे १६.

आता गंमत. एक जण अर्धा गुंठा बघायला आला होता, म्हणतोय ३३ चं निम्मं साडेसोळा, साडेसोळा बाय साडेसोळा मला आखून द्या. म्हटलं भावा ते आखून देतो पण पैसे चारच आण्याचे दे. साडेसोळाचा चौरस २७२ आणि पाव फूट होतोय, गुंठ्याचा चौथा हिस्सा. त्याला पटंना. शेवटी मातीत काठीनं ३३ चा चौरस काढून मधनं उभी आडवी रेघ मारून दाखवली, चार खण झाले, तवा मान डोलावली. आणि अर्धा गुंठा चौरसच पाहिजे असला तर २३ फूट ४ इंचाच्या आसपास बाजू येते, ती कॅल्क्युलेटरवर.

दुसरा किस्सा आमच्या पाहुण्यांचा, हा जरा वाईट हाय. त्यांचा गुंठ्याचा चौरस तुकडा, ३३ बाय ३३. शेजारचा म्हणाला माझी गाडी वळत न्हाई, रुंदीतले ६ फूट मला सोडा, मागच्या अंगाला लांबीत ६ फूट तुम्हाला देतो, ६ ला ६, फिट्टमफाट. वर म्हणाला पाहिजे तर कुंपणाची तार मोजा. तार मोजली. आधी १३२ फूट, नंतर २७ आणि ३९ चा घेर, तो पण १३२. पाहुणे खूश, तार तेवढीच म्हणजे जागा तेवढीच. पुढं मोजणीला माणूस आणला तवा कळलं १०५३ फूटच भरतंय. ३६ फूट गेलं. एक संडास बाथरूम बसतंय हो तेवढ्यात. शेजाऱ्याला माहीत होतं का त्यालाही कळलं नव्हतं देव जाणे, आता बोलणं बंद हाय.

ताळेबंद:
घेर सारखा म्हणून क्षेत्रफळ सारखं… हे तर आमच्याकडं बीकॉम झालेली माणसं पण मानतात.

केकवाली_शाहूपुरी:
पण ते ३६ नक्की कुठं गेले? ६ फूट दिले ६ फूट घेतले, मग हिशेबात गायब झाले कुठं, मला चित्र डोळ्यासमोर येईना.

गुंठामंत्री:
सोपं हाय. रुंदीतनं जी पट्टी कापली ती ३३ लांब होती, ६ रुंद. मागं जी मिळाली ती ६ रुंदच पण लांब किती? तुकडाच आता २७ रुंद राहिला, म्हणून २७ च. ३३ दिली आणि २७ घेतली. पट्टीचं ६ बाय ६ चं टोक शेजाऱ्याच्या खिशात.

फळा_आणि_खडू:
फार छान सांगितलंत. आणि यात एक गोष्ट लक्षात घ्या, ३३ ऐवजी १०० फुटी चौरस असता तरी ३६ च गेले असते, हजार फुटी असता तरी ३६ च. एक बाजू जेवढ्यानं वाढवली तेवढ्यानंच शेजारची कमी केली तर तोटा हा त्या आकड्याच्या वर्गाएवढाच, मूळ चौरस केवढा का असेना.

मराठी_शुद्ध:
मला गणितातलं फार कळत नाही पण या उदाहरणांच्या भाषेबद्दल बोलायचं आहे. "७५ ने वाढते", "७५ होते", "दुप्पट होते", "दुपटीने वाढते" हे सगळे वेगळे अर्थ आहेत आणि पुस्तकं ते सरमिसळ वापरतात. माझ्या भाच्यानं "क्षेत्रफळ दुपटीने वाढले" याचा अर्थ मूळ एक आणि वाढ दोन, म्हणजे एकूण तिप्पट असा घेतला आणि शिक्षिकेनं चूक दिलं. मला तर तो बरोबर वाटतो.

ताळेबंद:
नाही हो, दुपटीने वाढले म्हणजे दुप्पट झाले. पगार दुपटीने वाढला म्हणतो तेव्हा कुणी तिप्पट समजतं का.

मराठी_शुद्ध:
मग "पगार दोन हजारांनी वाढला" म्हणजे दोन हजार झाला का? "ने" लागला की ती वाढ, हा नियम एका ठिकाणी पाळायचा आणि दुसरीकडं नाही?

खाकीचं_स्वप्न:
पगार वाढू दे आधी.

फळा_आणि_खडू:
दोघांचंही खरं आहे आणि म्हणून मी पेपर काढताना "दुपटीने वाढले" हा शब्द कधीच वापरला नाही. "मूळ क्षेत्रफळाच्या दुप्पट होते" असं लिहायचं, वादच नको. पोरांना मात्र मी एक सवय लावायचो – गणित वाचलं की आधी "ने", "पट" आणि "होते" याखाली रेघ मारा, मगच पेन्सिल चालवा. निम्म्या चुका आकड्यांच्या नसतात, त्या प्रत्ययांच्या असतात. बाजू ५ ने वाढवली तर क्षेत्रफळ ४ पट होते, या गणितात पोरं कंस उघडतात, वर्गसमीकरण मांडतात, दहावीचं असेल तर सूत्र लावतात, उत्तरं येतात ५ आणि उणे पाच तृतीयांश, मग उणं सोडून द्यायचं कारण लांबी उणी नसते. सगळं बरोबर, पण पानभर. "४ पट" खाली रेघ मारून क्षणभर थांबलं तर दिसतं की क्षेत्रफळ ४ पट म्हणजे बाजू दुप्पट, ५ वाढवून दुप्पट झाली म्हणजे आधी ५ च होती.

पंचगंगा_काठचा:
सर हे पोरीला दिलं. तिनं "पट" खाली रेघ मारली, थांबली, आणि सोडवलं. मी अजून कंस उघडत होतो.

बरं आता तिचा प्रश्न. क्षेत्रफळ ४ पट तर बाजू २ पट. मग क्षेत्रफळ २ पट पाहिजे तर बाजू किती पट? मी दीडपट म्हटलं. तिनं लगेच दीड गुणिले दीड करून सव्वादोन दाखवले आणि परत तसंच बघालीय माझ्याकडं.

फळा_आणि_खडू:
तिला सांगा पप्पा एकटे नाहीत. सॉक्रेटिसनं एका गुलाम पोराला हाच प्रश्न विचारल्याचं प्लेटोनं लिहून ठेवलंय. २ फूट बाजूचा चौरस, क्षेत्रफळ ४, त्याच्या दुप्पट म्हणजे ८ करायचं. पोरगा म्हणाला बाजू दुप्पट करा, ४. झाले १६. मग म्हणाला ३ करा. झाले ९. ती ३ म्हणजे तुमची दीडपटच. आणि खरं उत्तर मूळ चौरसाच्या पोटातच असतं, त्याचा कर्ण. कर्णावर चौरस उभा केला की तो बरोबर दुप्पट. आपल्याकडं यज्ञवेदी बांधणाऱ्यांना हे पक्कं माहीत होतं, बौधायन शुल्बसूत्रात कर्णाची दोरी दुप्पट भूमी करते असं स्पष्ट सांगितलंय, आणि तो कर्ण किती पट हेही दिलंय – १ अधिक एक तृतीयांश, अधिक त्या तृतीयांशाचा चौथा भाग, आणि त्या चौथ्या भागाचा चौतिसावा भाग वजा. करून बघा, १.४१४२१५… येतात. खरी किंमत १.४१४२१३… दशांश चिन्ह नसलेल्या काळात, दोरी आणि विटांवर काम करणाऱ्यांचं हे गणित.

पण तिला हे वाचायला देऊ नका. एक चौकोनी कागद द्या आणि चारी कोपरे मध्यावर दुमडायला सांगा.

पंचगंगा_काठचा:
दिला. दुकानातल्या बिलबुकाच्या मागचा कोरा कागद चौकोनी कापून. आधी होडी करायला लागली, म्हटलं थांब. चारी कोपरे मध्ये आणले, आतला चौरस तयार झाला. मी विचारलं काय दिसतंय, म्हणाली सगळीकडं कागद डबल झालाय, कुठंच सिंगल नाही आणि कुठंच तिहेरी नाही. मग दोन मिनिटं काहीच बोलली नाही. मग "म्हणजे हा निम्मा आहे. आणि उघडला की दुप्पट." मग कागद उघडला, मिटला, उघडला, मिटला, असं सात-आठ वेळा. मग पट्टी आणून लहान चौरसाचा कर्ण मोजला, मोठ्याची बाजू मोजली, दोन्ही सारखं. तेवढ्यात गिऱ्हाईक आलं आणि मी त्याला पाच मिनिटं उभं केलं.

गुंठामंत्री:
म्हणजे ३३ च्या चौरसाच्या चारी बाजूंचे मध्य तिरके जोडले की अर्धा गुंठा? कॅल्क्युलेटर नको काय नको? इतकी वर्षं टेप धरून मरतोय मी.

फळा_आणि_खडू:
फक्त तो तुमच्या गिऱ्हाइकाला तिरका दिसेल.

गुंठामंत्री:
वास्तूवाला बघून घेईल ते.

केकवाली_शाहूपुरी:
माझी एक शंका राहिलीच, एककांची. मोठ्या ऑर्डरला बोर्ड कापून घेते तो चौरस फुटावर, दुकानदार म्हणाला एक चौरस फूट म्हणजे १२ चौरस इंच.

ताळेबंद:
१४४ हो. बारा बारं. बदला दुकानदार.

पंचगंगा_काठचा:
मंडळी धागा माझ्याकडनं आवरता घेतो, दुकानात स्टॉक यायचाय. जाता जाता, पोरीनं धागा सगळा वाचला आणि तिनं स्वतः एक गणित तयार केलंय, खास खाकीकाकांसाठी, पाच सेकंदात सोडवा म्हणते –

एका चौरसाची एक बाजू ४ मीटरने वाढवली आणि शेजारची ४ मीटरने कमी केली, तर क्षेत्रफळ १६ चौमीने कमी झाले. तर मूळ चौरसाची बाजू किती? (१) ६ (२) ८ (३) १२ (४) १६

खाकीचं_स्वप्न:
ऑप्शन २. आठ. १२ गुणिले ४ अठ्ठेचाळीस, चौसष्टातनं गेले सोळा. चार सेकंद लागले, सांगा तिला.

गंगावेशची_ताई:
माझं बारा आलंय. सोळा गुणिले आठ एकशे अठ्ठावीस, एकशे चव्वेचाळीसातनं गेले सोळा.

ताळेबंद:
सहा पण येतंय. दहा गुणिले दोन वीस, छत्तीसातनं सोळा. काय चाललंय काय?

गुंठामंत्री:
मी तेहतीस घालून बघितलं 😂

खाकीचं_स्वप्न:
पोरीला म्हणावं वर फळा सरांनी लिहिलेलं मी वाचलं नव्हतं.

पंचगंगा_काठचा:
ती म्हणते, म्हणूनच विचारलं.